येते म्हणून गेलेली

दमयंतीला एक खोड होती, आणि ती आईनं लावलेली असल्यामुळे सुटायची काही शक्यता नव्हती. कुठूनही निघताना ती 'जाते' म्हणायची नाही. 'येते' म्हणायची. मिरजेच्या घरातून नर्सिंग कॉलेजला निघताना येते, लग्न होऊन निघताना येते. अकरा वर्षांपूर्वी ऑकलंडच्या विमानाला निघताना मात्र गडबडीत तोंडातून 'जाते गं' निसटलं, तर आईनं एअरपोर्टच्या दारात दंड धरून तिला मागे ओढलं. "काय म्हणालीस? परत म्हण." मागची माणसं ट्रॉल्या घेऊन खोळंबली, पण माउलीनं ते नीट वदवून घेतलं आणि मगच लेकीला सोडलं.

आता दमयंती ऑकलंडमधल्याच अवोन्डेलच्या एका रेस्ट होममध्ये, म्हणजे वृद्धाश्रमात, नर्स. दुपारी तीनला तिची पाळी संपायची. मग ती तिच्या वाट्याच्या बारा खोल्यांत एकेक करून डोकं घालायची आणि म्हणायची, "येते हं." तिथल्या म्हाताऱ्यांना वाटायचं, माओरी लोकांच्या 'किया ओरा' या नमस्कारासारखंच हे इंडियातलं काहीतरी असेल. कुणी हात हलवायचं, कुणी उलट 'येटे येटे' म्हणायचं. अर्थ कुणी विचारला नाही. विचारला तो सात नंबरच्या एंडेलनं, आणि तोही इथं राहायला येऊन दोन वर्षं झाल्यावर.

एंडेल शहाऐंशी वर्षांचा. मूळचा एस्टोनियाचा, म्हणजे बाल्टिक समुद्राकाठच्या एवढ्याशा देशाचा. तो आला तेव्हा दमयंतीला हा देश नकाशात शोधावा लागला होता. तिकडे तो मोठा लेखक. सात पुस्तकं, चौदा सिनेमांच्या पटकथा, आणि ड्रॉवरमध्ये मोज्यांच्या खाली एक पदक. पंचवीस वर्षांपूर्वी बायको गेल्यावर मुलीपाठोपाठ न्यूझीलंडला आला. पुढे मुलगी नोकरीसाठी पर्थला गेली आणि हा इथंच राहिला. त्याची पुस्तकं शेल्फावर होती, पण त्या इमारतीत ती वाचू शकेल असा एकही माणूस नव्हता. रोज धूळ मात्र झटकली जायची.

दमयंतीला तो 'दमा' म्हणायचा. "दमा म्हणजे आमच्याकडे श्वासाचा रोग," तिनं सांगून पाहिलं. त्यावर तो म्हणाला, "मग बरोबर आहे. तू आलीस की सगळ्यांना धाप लागते." बोलण्यात तो असा होता. फक्त एका बाबतीत विचित्र. रोज सकाळी तिनं थर्मामीटर काढलं की त्याचा चेहरा बदलायचा. लहान मुलासारखा तो विचारायचा, "आहे का ताप?" ती म्हणायची, "नाही, आजोबा. नॉर्मल." ताप त्याला कधीच नसायचा. आजोबा मात्र रोज विचारायचे.

जूनमधली, म्हणजे तिकडच्या हिवाळ्यातली गोष्ट. थंडी पडली होती आणि खिडकीबाहेरच्या खाडीवरचं धुकं दुपार झाली तरी उठलं नव्हतं. ओहोटीचा चिखल, तिवरांची झुडपं, पलीकडची घरं, सगळं पुसून गेलेलं. खोलीत हीटरची ऊब होती. दमयंतीनं दारातून डोकं घातलं. "येते हं."

"थांब," एंडेल खिडकीकडे बघतच म्हणाला. "याचा अर्थ काय?"

"मी येते."

"पण तू तर निघालीस."

"हो. पण जाते म्हणायचं नसतं. जाते म्हटलं की गेलंच माणूस. म्हणून निघताना येते म्हणायचं. म्हणजे परत येणार."

म्हातारा वळून तिच्याकडे बघत राहिला. दमयंतीला वाटलं, झालं, स्ट्रोक. ती पुढे होऊन त्याची नाडी बघणार, तेवढ्यात तो हळूच म्हणाला, "येते."

"नाही, आजोबा. तुम्ही 'येतो' म्हणायचं. 'येते' बायकांनी."

"म्हणजे तुमच्या शब्दाला कळतं, बोलणारा कोण आहे ते?"

"म्हणजे काय. मराठीत कुणाला लपता येत नाही. तोंड उघडलं की तो आहे की ती, लगेच कळतं."

"आमच्यात येतं," एंडेल म्हणाला. "आमच्यात तो आणि ती एकच. 'ता'. आणि येते आणि येईल हेही एकच. आमच्या भाषेत माणूस सगळा लपू शकतो, दमा. मी लपवलाय." आणि मग त्यानं तिला बसायला सांगितलं. सुशीलला, म्हणजे नवऱ्याला, तीन वाजता न्यायला ये म्हणून सांगितलेलं. त्याला तिनं मेसेज केला, हाफ अवर लेट. बिचारा दीड तास गाडीत बसला.

एंडेलनं टॅब्लेट काढला. तिकडच्या अर्काइव्हनं त्याचा एक जुना सिनेमा धुऊनपुसून पुन्हा नीट केला होता, मूळ भाषेतला, आणि मुलीनं त्याची लिंक पाठवली होती. नाव 'धुक्यातली घंटा'. काळापांढरा. दमयंतीला एक अक्षर कळत नव्हतं तरी ती बघत बसली. सुरुवातीला नुसतं धुकं. लाकडी धक्का, त्याला लागलेली होडी, होडीत चढणारी माणसं. एकाचाही चेहरा दिसत नाही. धुक्यातून एक आवाज येतो, बाईचा की बाप्याचा कळू नये असा, फक्त दोन शब्द. मग होडी जाते. धक्क्यावर एक पोरगा उरतो. तो रोज तिथं येऊन धुक्यातली घंटा वाजवतो, येणाऱ्या होडीला वाट सापडावी म्हणून. वर्षं जातात, पोरगा वाढतो, म्हातारा होतो, घंटा वाजतच राहते. शेवटी कुणीतरी त्याला विचारतं, कुणाची वाट बघतोस? तो दोन शब्द म्हणतो, आणि पुन्हा धुकं.

खिडकीबाहेर तेच धुकं होतं. सिनेमा कुठं संपला आणि अवोन्डेल कुठं सुरू झालं, हे दमयंतीला क्षणभर कळेना. कुठूनतरी घंटेचा आवाज येईल असं वाटून ती कान देऊन बसली होती. आला तो चहाच्या ट्रॉलीचा.

"काय म्हणतो तो शेवटी?" तिनं विचारलं.

"ता तुलेब."

"म्हणजे?"

"येण्याचाच शब्द आहे. तू सांग. मराठीत काय होईल?"

"तो की ती?" दमयंतीनं सहज विचारलं. पुढे जायला दुसरा मार्गच नव्हता. येणारा कोण हे कळल्याशिवाय मराठीत कुणी येऊच शकत नाही.

एंडेलनं टॅब्लेट मांडीवर पालथा ठेवला. मग म्हणाला, "ती." आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं. "सिनेमा लिहिल्यापासून पंचावन्न वर्षांत हे मी पहिल्यांदा म्हणतोय."

ती म्हणजे लेइदा, त्याची बहीण. चव्वेचाळीस साली युद्धात रशियन फौजा येताहेत म्हणून किनाऱ्यावरची माणसं रातोरात होड्यांतून स्वीडनला पळत होती. एंडेल सहा वर्षांचा, गोवर अंगावर फुललेला, तापानं फणफणलेला. आजारी पोराला होडीत घ्यायला कुणी तयार होईना. आई आणि बारा वर्षांची लेइदा गेल्या, तो मावशीपाशी राहिला. जाताना त्याचं तापलेलं कपाळ चाचपून लेइदा म्हणाली, "मा तुलेन." येते. सिनेमातल्या धुक्यातला आवाज तोच होता.

आई पुढे एका छावणीत वारली. लेइदा फिरत फिरत जगाच्या या टोकाला आली, न्यूझीलंडला. एंडेल तिकडे लेखक झाला. पण देश आता रशियाच्या ताब्यात होता, आणि पळून गेलेल्या माणसांचं नाव काढायची तिथं सोय नव्हती. मग त्यानं बहिणीला धुक्यात ठेवलं आणि 'ता'मध्ये ठेवलं. ज्यांना कळायचं त्यांना कळलं. सेन्सॉरला वाटलं, पोरगा लढाईवर गेलेल्या सैनिकाची वाट बघतोय.

"पुढे तो मॉस्कोत डब झाला," एंडेल म्हणाला. "रशियनमध्ये तो की ती ठरवावं लागतं. त्यांनी 'तो' ठरवलं. आणि निघणारा माणूस 'येतो' कसं म्हणेल, लेखकाची चूक दिसते, असं म्हणून तिथं 'निरोप घेतो' घातलं. सैनिकाची भक्ती, असं म्हणत मला पदक दिलं. फ्लॅट दिला. पुढचे तेरा सिनेमे दिले. मी नाही म्हणालो नाही, दमा. त्या एका 'तो'वर माझं सगळं करिअर उभं आहे."

तो डब केलेला सिनेमा इंग्लिश सबटायटल्स लावून शहात्तर साली क्राइस्टचर्चच्या फिल्म सोसायटीत दाखवला गेला. पडद्यावर भावाचं नाव बघायला लेइदा पहिल्या रांगेत जाऊन बसली होती. त्यानंतर तिचं एक पोस्टकार्ड आलं, आयुष्यातलं एकच. 'तुझा तो सैनिक सुखरूप येवो. माझी वाट बघू नकोस.' देश स्वतंत्र झाल्यावर एंडेलनं पत्रं लिहिली, ती न फोडता परत आली. इथं आल्यावर फोन केले. त्याचा आवाज ऐकला की ती फोन ठेवायची, म्हणून तिच्या दारी जायचं धाडस त्याला कधी झालं नाही. ती आता ब्याण्णव वर्षांची, क्राइस्टचर्चमधल्या रिकार्टनला एकटी राहत होती. विमानानं दीड तासाचा रस्ता, पण आता याच्या हृदयाची अवस्था अशी की डॉक्टर त्याला विमानाच्या शिडीजवळसुद्धा जाऊ देईनात.

"तिनं फक्त एकदा मूळ सिनेमा ऐकावा," एंडेल म्हणाला. "दोन शब्द. मग फोन ठेवला तरी चालेल. पण आता आमच्यातलं कोण किती दिवस आहे?"

दमयंतीचं मन भरून आलं, आणि मन भरून आलं की तिच्या जिभेचा ताबा सुटतो. ती म्हणाली, "मी करते फोन."

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत तिनं फोन केला. पलीकडचा आवाज कोरडा, ताठ. दमयंतीनं चार वाक्यांत सगळं सांगितलं. म्हातारी म्हणाली, "तो सिनेमा मी पाहिलाय." मग नुसती शांतता. आता काय बोलावं ते सुचेना, फोन कसा ठेवावा तेही कळेना. आणि अशा वेळी माणूस आईच्या भाषेत विचार करतं. 'बरं, येते मग,' असं मनात म्हणत ती इंग्लिशमध्ये बोलून गेली, "ओके आंटी, आय विल कम देन." आणि फोन ठेवून मोकळी झाली.

जमलं नाही, असं तिनं एंडेलला सांगितलं. त्यानं मान हलवली आणि खिडकीकडे तोंड केलं. दोन दिवस तो धड जेवला नाही. मस्करीसुद्धा बंद झाली. सकाळी थर्मामीटर बघून मात्र विचारायचा, "आहे का ताप?"

पाचव्या दिवशी दमयंतीचा फोन वाजला. ती तेव्हा रविवारच्या बाजारात मेथीच्या जुड्या निवडत होती.

"तू येणार होतीस," लेइदा म्हणाली.

"मी?"

"तू म्हणालीस, येते. मी केक केला. बुधवारी केला, तो वाळला. शुक्रवारी पुन्हा केला. चार दिवस मी दाराशी खुर्ची घेऊन बसलेय. तू येणार आहेस की तूही आमच्यातलीच?"

दमयंतीच्या हातातून मेथी गळून पडली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आईची शिकवण इतकी वर्षं जपली, तिनंच असं तोंडघशी पाडलं. घरी येऊन तिनं सुशीलला सांगितलं, तर तो म्हणाला, "अगं, मग फोनवर सॉरी म्हण की."

"म्हणते. ब्याण्णव वर्षांची बाई माझ्यासाठी दोनदा केक करते आणि मी सॉरी म्हणते. मला येते म्हणायला कुणी सांगितलं होतं?"

"तुझ्या आईनं," सुशील म्हणाला, आणि लॅपटॉप उघडून तिकीट बघायला लागला. तसा माणूस चांगला होता.

रेस्ट होमच्या मॅनेजरला सांगून, एंडेलची परवानगी घेऊन, पुढच्या शनिवारी दमयंती टॅब्लेट पिशवीत घालून विमानात बसली. खाली सगळा ढगांचा कापूस. मधेच झोप लागली आणि तिला स्वप्न पडलं. आई मिरजेच्या बसस्टँडवर घंटा वाजवत उभी होती, आणि कोणत्याही गाडीतून कुणीच उतरत नव्हतं. जाग आली तेव्हा विमान उतरत होतं. तिनं मनाशी ठरवलं, या डिसेंबरला मिरजेला जायचंच.

लेइदाचं घर रिकार्टनमधल्या एका गल्लीत, दोन खोल्यांचं, टाचणी पडली तरी दिसेल इतकं स्वच्छ. दार उघडताच वेलचीचा वास आला आणि दमयंती उंबऱ्यातच थबकली. "इंडियन दुकानातून आणते," लेइदा म्हणाली. "आमच्या केकला लागते." बाई काठीसारखी सरळ होती, पांढरे केस घट्ट बांधलेले. तिनं केक कापला, चहा ओतला, आणि म्हणाली, "खा. आणि मग तुझं ते दाखव. मी फक्त तुझ्यासाठी बघतेय. त्याच्यासाठी नाही."

टॅब्लेट केकच्या ताटलीला टेकवून ठेवला. धुकं आलं. लेइदा हाताची घडी घालून बघत होती. होडी लागली, माणसं चढली, आणि धुक्यातून आवाज आला.

"मा तुलेन."

लेइदाची हाताची घडी सुटली. "परत लाव," ती म्हणाली.

दमयंतीनं परत लावलं. मग परत. चौथ्यांदा लेइदा आवाजाबरोबर स्वतः ते शब्द म्हणाली, आणि तिचा म्हातारा आवाज आणि सिनेमातला आवाज एकात एक मिसळून गेला. पुढचा सिनेमा ती एकदाही न हलता बघत राहिली. शेवटी पडद्यावरचा म्हातारा 'ता तुलेब' म्हणाला. दमयंती म्हणाली, "मी त्यांना विचारलं होतं, तो की ती. आमच्यात विचारावंच लागतं. ते 'ती' म्हणाले."

खोलीत ऊन आलं, टेबलावरून सरकत भिंतीवर चढलं. घड्याळाची टिकटिक दूर कुठंतरी ठोका पडल्यासारखी ऐकू येत होती.

"तुला एक सांगू?" लेइदा म्हणाली. "शहात्तर साली मी तो 'तो' वाचला आणि मला आधी सुटल्यासारखं वाटलं. तो माझी वाट बघत नाहीये. मी येते म्हणाले होते आणि आले नाही. हे छातीवर घेऊन मी बत्तीस वर्षं जगले होते. त्याच्यावर रागावणं फार सोपं होतं. मग रागच धरून बसले." तिनं केकचे सांडलेले कण बोटानं गोळा केले. "मागच्या आठवड्यात तू येते म्हणालीस आणि आली नाहीस. तेव्हा कळलं मला, दाराशी बसणं काय असतं. चार दिवस. त्यानं ऐंशी वर्षं काढली."

दमयंतीला रडू आवरेना. "आंटी, ती माझी चूक होती. आमच्यात निघताना तसं म्हणतात."

"आमच्यात नाही म्हणत," लेइदा म्हणाली. "मी खरंच येणार होते."

मग ती उठून आत गेली. दमयंतीला वाटलं, तोंड धुवायला गेली असेल. दहा मिनिटांनी म्हातारी बाहेर आली ती कोट घालून, हातात छोटी बॅग घेऊन. "तुझं विमान किती वाजता आहे?"

"उद्या सकाळी."

"मग मी अशीच बसते," लेइदा म्हणाली आणि दाराशी असलेल्या खुर्चीत कोटासकट बसली. तिला समजावून आत न्यायला दमयंतीला तासभर लागला. रात्री तिकीट काढून तिनं एंडेलला फोन केला. काय सांगावं याची तिला धास्ती होती, त्याचं हृदय ते तसलं. शेवटी दोनच शब्द बोलली, मराठीत. तेवढं मराठी त्याला आता येत होतं.

"ती येतेय."

पलीकडून, अगदी लहान आवाजात, "येटे?"

"येतेय, आजोबा. उद्या. दुपारी."

रविवारी ऑकलंडला पुन्हा धुकं होतं. विमान वर घिरट्या घालत राहिलं आणि लेइदा खिडकीला नाक लावून खाली बघत राहिली. सुशीलनं दोघींना एअरपोर्टवरून थेट अवोन्डेलला आणलं. सात नंबरच्या खोलीत एंडेल दाढी करून, टाय लावून खुर्चीत बसला होता. सकाळपासून तो हललाच नाही, असं बाकीच्या मुलींनी सांगितलं. खिडकीत खाडी दिसत नव्हती, काहीच दिसत नव्हतं.

लेइदा दारात थांबली. सहा वर्षांचं पोर सोडून गेली होती, समोर शहाऐंशीचा म्हातारा. एंडेल खुर्चीचे हात धरून उठायला बघत होता आणि त्याला उठता येत नव्हतं. दमयंती पुढे झाली नाही. जगात काही वेळा अशा असतात की तिथं नर्सनंसुद्धा दारातच थांबावं.

लेइदानं बॅग खाली ठेवली. हातमोजा काढला. एकेक पाऊल टाकत ती त्याच्यापाशी गेली, मिठी मारली नाही. तिनं आपला तळवा त्याच्या कपाळावर ठेवला. तसाच ठेवून थांबली. मग वळवून हाताची मागची बाजू ठेवली, आया ठेवतात तशी, आणि त्यांच्या भाषेत काहीतरी म्हणाली. शब्द कळले नाहीत, तरी वीस वर्षं नर्स असलेल्या दमयंतीला ते सांगावं लागलं नाही. ताप नाही आता, असंच ती म्हणाली होती.

एंडेलनं डोळे मिटले होते. तो इंग्लिशमध्ये बोलला, कदाचित दमयंतीलाही कळावं म्हणून.

"ही रोज सांगते मला, ताप नाही म्हणून. पण ताप उतरला का ते बघायला तू येणार होतीस ना."